जत्रेतले तंबू, रहाटपाळणे, सर्कशी: या फिरत्या लोकांचा इतिहास कोण सांभाळतंय?

कृष्णाकाठ

बरेच दिवस हा विषय डोक्यात घोळतोय, आज लिहूनच काढतो. लांब झालंय पण मधे तोडावंसं वाटलं नाही.

जत्रेबद्दल आपल्याकडे लिहिलेलं काही कमी नाही. देव कुठला, पालखी कधी उठते, मान कुणाचा, सासनकाठी कुठल्या गावची, सगळं सापडतं. इंग्रजांच्या जमान्यातल्या जिल्हा गॅझेटिअरमधे जत्रांच्या याद्या आहेत. १९६१ च्या जनगणनेच्या वेळी तर महाराष्ट्रातल्या जत्रा-उत्सवांचा वेगळा खंडच काढला होता, गाव, तिथी, किती माणूस जमतं वगैरे. पण त्याच जत्रेत, देवळापासून जरा लांब माळावर ज्यांनी तंबू ठोकला, रहाटपाळणा उभा केला, मौत का कुआंच्या फळ्या जोडल्या, फोटो स्टुडिओसाठी पुठ्ठ्याचं विमान रंगवून आणलं, त्या माणसांचं नावगाव शोधायला गेलं की हाताला काही लागत नाही.

आता हे आत्ताच का लिहितोय ते सांगतो. आमच्या भागातल्या एका जुन्या टुरिंग टॉकीजवाल्यांचं, म्हणजे गावोगाव तंबूत सिनेमा दाखवणाऱ्यांचं, सगळं सामान भंगारात गेलं. घर विकायचं होतं, पोरं पुण्याला, ठेवणार कुठं, सगळं खरं आहे, त्यांना बोल लावायचा नाहीये. प्रोजेक्टर गेला, कार्बनच्या कांड्यांवर चालणारा होता, वाईट वाटलंच, पण तसे प्रोजेक्टर अजून आहेत, हौशी लोक विकत घेऊन घरात मांडून ठेवतात. माझा जीव तुटला तो पत्र्याच्या ट्रंकेतल्या कागदांसाठी. त्यात टुरिंग सिनेमाची लायसन्स होती, इलेक्ट्रिक इन्स्पेक्टरचे दाखले, करमणूक कराचा हिशोब, यात्रा कमिटीच्या जागाभाड्याच्या पावत्या, मुंबईहून रिळं पाठवणाऱ्यांची पत्रं, हँडबिलं आणि मुक्कामाच्या वह्या. या वह्या मी एकदा चाळल्या होत्या. म्हसवडला किती रात्री, तिथनं पुसेगाव, मग पाली, औंध, कुठं अवकाळी पाऊस लागून खेळ बंद, कुठं जनरेटर बसला, गल्ला किती, कामाच्या पोरांना उचल किती दिली. एका घराची वही, पण साताऱ्या-सांगलीतल्या किती गावांत कुठल्या साली किती पैसा खेळत होता हे त्यात दिसत होतं. ही माहिती दुसऱ्या कुठल्या दप्तरात मिळणार नाही, आणि आता ती रद्दीच्या भावाने गेली.

आणि हे आमच्या भागात व्हावं याचं जास्त वाईट वाटतं. हिंदुस्थानातली पहिली देशी सर्कस उभी केली ती अंकलखोपच्या विष्णुपंत छत्र्यांनी, १८८० साली, मुंबईत इटालियन कियारिनीची सर्कस बघून इरेला पेटून. माणूस घोड्यांचा जाणकार आणि गाण्याचाही दर्दी, हद्दू खाँसाहेबांकडे शिकलेला, त्यांचे चिरंजीव रहिमतखाँ या सर्कशीबरोबर हिंडायचे. नंतर म्हैसाळची देवल सर्कस, तासगावची परशुराम लायन सर्कस, कार्लेकर, अशी किती नावं या पट्ट्यातनं उठली. आणि आज सांगली जिल्ह्यात या सगळ्याचं मिळून एक खोलीभर प्रदर्शन तरी असावं की नाही?

मला विचारायचंय ते हे. तुमच्या गावच्या जत्रेत वर्षानुवर्षं येणारी अशी घराणी तुम्हाला नावानिशी माहीत आहेत का? आणि कुणी काही गोळा करून ठेवतंय का? मोठं म्युझियम, सरकारी निधी वगैरे होईल तेव्हा होईल. तोवर निदान नावं आणि मार्ग तरी लिहून काढूया असं माझं म्हणणं आहे.

माणदेशी

लय भारी विषय काढला राव. आमच्याकडं म्हसवडच्या रथाला आणि शिंगणापूरला चैत्रात हे समदं यायचं. तंबू एकमेकाला खेटून, प्रत्येकाचा भोंगा चालू, ह्या तंबूवाला वराडतोय आमच्याकडं नवी कोरी प्रिंट, शेजारचा म्हणतोय आमच्याकडं दादा कोंडके. रात्रभर खेळ चालायचं. बसायला माती, ज्यानं त्यानं आपलं घोंगडं आणायचं.

पाळण्याचं सांगतो. आता हे मोटरीवरचं मोठं पाळणं आलं, पण जुना लाकडी रहाटपाळणा हातानं फिरवायचं. चार पेट्या असायच्या आणि दोन गडी. एकजण वर चढून आडव्या दांड्याला लोंबकळायचा आणि आपल्या वजनानं पेटी खाली आणायचा, खाली आली की सोडून परत वर. हेच्यासाठी अंगात काय कसब लागत आसंल बघा. आमच्या गावात येणारा गडी नंतर खांदा निखळून घरी बसला. त्याचं नाव मला अजून म्हाईत हाय, हिथं लिहीत न्हाई, त्याच्या पोराला इचारून मग सांगतो.

गड्डाकर

+१. धागा वाचनखुणेत टाकलाय.

सोलापूरचा असल्यामुळे गड्ड्याबद्दल लिहितो. गड्डा म्हणजे सिद्धरामेश्वराची यात्रा, ती संक्रांतीला, आणि संक्रांत म्हणजे १४-१५ जानेवारी, ती हलत नाही. बाकी बहुतेक जत्रा तिथीवर. यातनं फिरत्या लोकांची केवढी कसरत होते ते बाहेरच्याला कळत नाही. औंधच्या यमाईची यात्रा पौष पौर्णिमेची. २०२४ ला पौष पौर्णिमा २५ जानेवारीला होती, म्हणजे गड्डा आधी आणि औंध नंतर. २०२६ ला तीच पौर्णिमा ३ जानेवारीला, म्हणजे औंध आधी. म्हणजे दरवर्षी मार्ग नव्याने बसवायचा, पंचांग आणि कॅलेंडर दोन्ही पुढ्यात घेऊन, आणि ट्रक, माणसं, डिझेल, जागेचा लिलाव या सगळ्याचा मेळ घालायचा. अधिक महिना आला की सगळंच सरकतं. आमच्या ओळखीचे एक पाळणेवाले आहेत, त्यांच्या आई हे तोंडी करतात, पुढच्या दोन वर्षांचा मार्ग बसल्याबसल्या सांगतात. पंचांग त्यांना वाचता येत नाही, नातू वाचून दाखवतो, पण कुठली जत्रा सोडायची आणि कुठली धरायची हा निर्णय त्यांचाच.

कृष्णाकाठ, तुमच्या त्या मुक्कामाच्या वहीत हेच असणार, हे लिहिलेलं कुठल्याही सरकारी खंडात नाही. मी म्हणतो मार्गच आधी नोंदवा. नकाशावर एकेका घराण्याची रेघ काढली तरी केवढं काम होईल.

शेफिल्डकर

मी इंग्लंडात शेफिल्डला असतो म्हणून लिहितोय. इथल्या युनिव्हर्सिटीच्या लायब्ररीत जत्रा आणि सर्कसवाल्यांचा राष्ट्रीय संग्रह आहे, १९९४ साली सुरू झाला. फोटो, पोस्टर, हँडबिलं, हिशोबाच्या वह्या, पाळण्यांचे आराखडे, सगळं. मी एकदा वेळ काढून बघून आलो, आत बसून वाचता येतं, कुणालाही.

ज्या बाईंनी तो उभा केला त्या स्वतः जत्रेवाल्या घरातल्या, त्याच विषयात पीएचडी केलेल्या. त्यामुळे घराण्यांनी विश्वासाने आपले आल्बम दिले. बाहेरचा कुणी गेला असता तर दिले असते का, शंका आहे. दुसरं म्हणजे इथल्या जत्रेवाल्यांची संघटना १८८९ पासून आहे. तेव्हा गाडीत राहणाऱ्या लोकांवर निर्बंध आणणारं एक बिल पार्लमेंटात येत होतं, त्याला विरोध करायला हे लोक एकत्र आले. आणि त्यांचं स्वतःचं साप्ताहिक होतं, १९०४ पासूनचं. कोण कुठल्या गावात आहे, कुणाकडे लग्न, कुणाचा पाळणा विकायचा आहे, दर आठवड्याला छापून येत गेलं. म्हणजे इतिहास जमवायला घेतला तेव्हा निम्मा आधीच छापलेला होता. आपल्याकडे असं काही नाही, म्हणून आपल्याला माणसं जिवंत आहेत तोवर त्यांच्या तोंडून घ्यावं लागणार.

रीळवाली

मी या साइटवर वाचनमात्र असते, पण हा धागा बघून राहवलं नाही. मी टुरिंग टॉकीजवाल्या घरातली आहे. आजोबांनी सुरू केलं, वडिलांनी आणि काकांनी चालवलं. माझं लहानपण दिवाळी ते अक्षय्यतृतीया आजीकडे शाळेसाठी आणि सुट्टी लागली की तंबूवर असं गेलं. लॉरीच्या मागच्या भागात मशीन बसवलेलं, तीच केबिन, तिथेच झोपायचं. कार्बनच्या दोन कांड्या जवळ आणून ठिणगी पाडायची आणि मग त्या जळत जातात तशा सारख्या सरकवत राहायच्या, अंतर चुकलं की पडद्यावर अंधार आणि खालून शिट्ट्या. वडिलांना पडद्याकडे न बघता नुसत्या आवाजावरून कळायचं कांडी कुठवर आलीये ते.

कृष्णाकाठ, तुम्ही कळकळीने लिहिलंय ते पोचलं. पण आमच्या बाजूचंही ऐका. आमच्याकडे खूप जण येऊन गेले. कॉलेजचे, डॉक्युमेंटरीवाले, पेपरवाले, प्रदर्शन करणारे. काही फार चांगले होते, वर्षानुवर्षं संपर्कात आहेत, आईच्या आजारपणात फोन करणारे. आणि एका संस्थेच्या लोकांनी वडिलांकडून फोटोंचा आख्खा आल्बम आणि हँडबिलांचा गठ्ठा "स्कॅन करून महिन्यात देतो" म्हणून नेला, तो आजतागायत परत आला नाही. त्यात आजोबांचा तंबूसमोरचा एकुलता एक फोटो होता. वडील गेले, तोवर दर दिवाळीला विचारायचे, फोन आला का त्यांचा. त्यामुळे आता कुणी "जतन" म्हटलं की आई ट्रंकेवर बसून राहते.

माझी अट एकच आहे. मूळ वस्तू घराबाहेर जाणार नाही. ज्याला काम करायचंय त्याने घरी यावं, समोर बसून फोटो काढावेत, कॉपी आम्हालाही द्यावी, आणि जिथे छापाल तिथे घराण्याचं नाव लिहावं. "एक टुरिंग टॉकीज, पश्चिम महाराष्ट्र" असलं लिहू नये. आमच्या तंबूला नाव होतं, वडिलांनी ते लॉरीवर स्वतः रंगवून घेतलं होतं.

कृष्णाकाठ

रीळवाली ताई, लिहिलंत त्याबद्दल मनापासून आभार. तुमची अट शंभर टक्के मान्य, आणि मला वाटतं ती तुमच्यापुरती नको, या कामाचा पहिला नियम तोच असावा. मूळ घरात, कॉपी दोघांकडे, नाव घराण्याचं. तो आल्बम ज्यांनी नेला त्यांच्या काही पत्राची, पावतीची नोंद असेल तर मला व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा, मी पाठपुरावा करायला तयार आहे, कितीही फोन करावे लागले तरी.

बिऱ्हाड

इथे एक गोष्ट कुणीतरी बोलायला पाहिजे म्हणून लिहितो. जत्रेत दोन प्रकारची माणसं असतात. एक तंबू-पाळण्याचे मालक, त्यांच्याकडे लायसन, वह्या, पावत्या असतात. आणि दुसरे आम्ही, तारेवर चालणारे, दोरावरचे खेळ करणारे, नंदीवाले, बहुरूपी, अस्वल-माकडं घेऊन हिंडणारे. आमच्याकडे कागद नाही. आमच्या पणज्याचं नाव लिखित स्वरूपात कुठं सापडायचं झालंच तर पोलिसांच्या हजेरीच्या पुस्तकात सापडेल. १८७१ चा गुन्हेगार जमाती कायदा, पुढे तो मुंबई इलाख्यालाही लागला, बऱ्याच फिरत्या जमातींना जन्मानेच गुन्हेगार ठरवलं, सोलापूरला काटेरी तारेच्या सेटलमेंटमधे ठेवलं. स्वातंत्र्यानंतरही पाच वर्षं तो चालू होता, ३१ ऑगस्ट १९५२ ला सुटलो. आम्ही विमुक्त दिन पाळतो तो त्याचाच.

म्हणून "मार्ग नोंदवा, नावं नोंदवा" हे वाचताना माझ्या अंगावर काटा आला. आमच्या म्हाताऱ्यांना कुणी विचारलं कुठून आलात, पुढं कुठं जाणार, मुक्काम किती दिवस, तर त्यांना फौजदार आठवतो. याचा अर्थ नोंदवू नका असा नाही. नोंदवाच. पण आधी आमच्या पोरांच्या हातात फोन द्या, त्यांना त्यांच्या आजीशी बोलू द्या. मढीला कानिफनाथाच्या यात्रेत रंगपंचमीला या, सगळीकडचे भटके तिथे जमतात, शेजारी गाढवांचा बाजार भरतो. एका जागी इतक्या जमातींची म्हातारी माणसं दुसरीकडे भेटणार नाहीत. पण पहिल्या वर्षी नुसतं या, चहा प्या, ओळख करा. रेकॉर्डिंग पुढच्या वर्षी.

आणि आम्ही काय काय करायचो तेही खरं खरं लिहा. लहान पोरांना तारेवर चढवायचे, मीही चढलोय, भूक होती म्हणून. ते "पारंपरिक कला" म्हणून गोड करून लिहू नका.

गड्डाकर

बिऱ्हाड, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. "मार्ग आधी" असं मी वर म्हटलं होतं, त्याला तुमची ही अट जोडूनच पुढे जायला हवं. मार्ग सांगायचा की नाही हे ज्याचा त्याने ठरवावं.

जुन्नरी

तमाशाचं कुणी लिहिलं नाही अजून. नारायणगावला गुढीपाडव्याच्या सुमारास फडांच्या राहुट्या लागतात, गावोगावचे कारभारी येतात आणि चैत्र-वैशाखाच्या यात्रांच्या सुपाऱ्या, म्हणजे खेळाचे करार, ठरतात. ही सुपारी ठरते त्याचा कागद असतो, गाव, तारीख, रक्कम, विसार, अंगठे-सह्या. फडमालकांकडे असे गठ्ठेच्या गठ्ठे असायचे. गावाची यात्रा कधी मोठी झाली, कधी दोन गटांत फुटून दोन फड आले, दुष्काळात कुठल्या गावाने तमाशा रद्द केला, सगळं त्या कागदांत आहे.

विठाबाई नारायणगावकरांचं नाव राहिलं. १९५७ आणि १९९० ला राष्ट्रपती पदक, आता राज्य सरकारचा जीवनगौरव पुरस्कार त्यांच्या नावाने दिला जातो, हे चांगलंच झालं. पण एका मोठ्या फडात शंभरावर माणूस असतं. ढोलकीवाला, सुरत्या, सोंगाड्या यांची नावं निदान हँडबिलावर यायची. तंबूचे खांब रोवणारे, ट्रकचे ड्रायव्हर, दोन वेळेला एवढ्या माणसांचं रांधणारे, यांची कुठंच नाहीत. २०२० आणि २०२१ असे लागोपाठ दोन चैत्र कोरोनात गेले, तेव्हा पहिल्यांदा हीच माणसं घरी गेली आणि त्यातली बरीच परत आलीच नाहीत. कुणी वीटभट्टीवर, कुणी एमआयडीसीत. त्यांना शोधायचं असेल तर आत्ता शोधावं लागेल.

पेडणेकार

गोव्यातून लिहितोय. आमच्याकडे म्हापशाची बोडगेश्वराची जत्रा, जुन्या गोव्याचं डिसेंबरातलं फेस्त, सगळीकडे पाळणे लागतात. खाज्याची दुकानं इथल्याच लोकांची, फेस्त असो की जत्रा, दोन्हीकडे तीच. पाळणेवाले बहुतेक महाराष्ट्र नाहीतर कर्नाटकातले. त्यामुळे नकाशा काढताना राज्याच्या हद्दीवर थांबू नका.

अवांतर, पण उपयोगी: कुडाळजवळ पिंगुळीला चित्रकथी आणि कळसूत्री बाहुल्यांचं म्युझियम आहे, गंगावणे कुटुंबाने घरच्या गुरांच्या गोठ्यात उभं केलं, परशुराम गंगावण्यांना २०२१ ला पद्मश्री मिळाली. वस्तू घरातच, माहिती सांगणारी माणसं घरातलीच. रीळवाली म्हणतात तसंच.

ग्रंथपाल

मी अभिलेखागारात काम केलंय, म्हणून थोडं कामाचं लिहिते.

ट्रंकेत रिळं किंवा रिळाचे तुकडे असतील तर झाकण उघडून वास घ्या. व्हिनेगरसारखा आंबट वास आला तर फिल्म खराब व्हायला लागली आहे आणि तिच्यामुळे शेजारची पण होते, ती वेगळी काढा, पत्र्याखालच्या माळ्यावर अजिबात ठेवू नका. १९५०-५१ च्या आधीची फिल्म असेल तर ती नायट्रेटची असू शकते, ती भयंकर पेट घेते, ती घरात ठेवूच नका. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाशी बोला, तिथे पोस्टर, फोटो, गाण्याची पुस्तकं असं कागदी साहित्यही सांभाळतात.

हँडबिलं लॅमिनेट करू नका!! हे मी हात जोडून सांगते. लोक प्रेमाने लॅमिनेट करतात आणि कागद कायमचा जातो. सेलोटेपही नको. चिकट पानांच्या आल्बममधे फोटो असतील तर ओढून काढू नका, आल्बमसकट पानाचा फोटो घ्या. फोटोच्या मागे काही लिहिलेलं असतं, स्टुडिओचा शिक्का असतो, मागची बाजू पण टिपा. आणि फोटो दाखवत असताना घरातलं माणूस जे बोलतं ते फोनवर रेकॉर्ड करा, कारण "हा कोण" याचं उत्तर दुसऱ्या कुणाकडे नाही. नंतर त्याच दिवशी फाइलला गाव, साल, बोलणाऱ्याचं नाव द्या.

सरकारी बाजूने बघायचं तर करमणूक कर २०१७ ला जीएसटी आला तोपर्यंत वेगळा होता आणि महसूल खातं तो बघायचं. म्हणजे टुरिंग सिनेमा, सर्कस, तमाशा यांच्या परवानग्यांचे आणि कराचे कागद तहसील-कलेक्टर कचेरीत तयार झाले. आपल्याकडे दप्तराची अ, ब, क, ड अशी वर्गवारी असते, अ कायम ठेवायचं, ड थोड्याच काळात नष्ट. हे परवाने वगैरे खालच्या वर्गात गेले असतील तर बरंच निघून गेलं असणार. तरी अर्ज करून बघायला हरकत नाही. मी आमच्या तालुक्यासाठी करते.

शेफिल्डकर

ग्रंथपाल, हे फार कामाचं. मी इथून एक करू शकतो, जुन्या ब्रिटिश वर्तमानपत्रांत आणि सर्कशीच्या कागदांत आपल्या लोकांचा शोध. पुण्याचे दामू धोत्रे, १९०२ चा जन्म, शेलारांच्या सर्कशीत लहानाचे मोठे झाले, युरोपात वाघ-सिंहांचे खेळ करून १९४० ला अमेरिकेत रिंगलिंग सर्कशीत गेले. त्यांचे फोटो परदेशी संग्रहांत आहेत. पण त्यांच्याआधी छत्रे, देवल, कार्लेकर यांच्याबरोबर जे रिंगमास्टर, कसरतपटू समुद्रापार गेले त्यांचं काय? बोटींच्या याद्या, पोस्टर, काहीतरी सापडेल.

माणदेशी

त्या पाळणेवाल्या गड्याच्या पोराला इचारलं. तो म्हणला लिवा की, पण बाचं नाव नीट लिवा, गावात समदी टोपणनावानंच हाक मारायची ती नगं. आणि म्हणला जुन्या पाळण्याची एक पेटी अजून गोठ्यात हाय, शेरडाची पिल्लं ठेवतो तिच्यात. मी सुट्टीला गेलो की फोटू काढतो. बाला पण बोलतं करतो, आता पंच्याऐंशीच्या फुडं हाय, पण बोलायला लागला की थांबत न्हाई.

कृष्णाकाठ

@माणदेशी सुट्टीची वाट बघू नका, जमलं तर या रविवारीच जा.

@बिऱ्हाड तुम्ही म्हणता ते मान्य. मढीला आम्ही तिघे-चौघे येऊ, तुम्ही सांगाल त्या दिवशी, कॅमेरा न घेता.

सर्कशीबद्दल एक राहिलं. १९९८ च्या अधिसूचनेने वाघ, सिंह, अस्वल, माकडं यांचे खेळ बंद झाले, २०११ ला सुप्रीम कोर्टाने लहान मुलांना सर्कशीत ठेवायला मनाई केली. दोन्ही गोष्टी व्हायलाच हव्या होत्या. पण त्याबरोबर जी मोठी माणसं बाहेर पडली, वाघांना खायला घालणारे, रिंगमास्टरचे मदतनीस, जाळं बांधणारे, ती कुठं गेली हे कुणी विचारलं नाही. तासगाव, मिरज भागात अशी घरं आहेत. मी तिकडून सुरुवात करतो.

रीळवाली

आईला हा धागा वाचून दाखवला. माणदेशींचा प्रतिसाद वाचताना ती हसली आणि म्हणाली घोंगडं नाही, आमच्याकडे बायका वाकळ आणायच्या. मग तिनेच ट्रंक उघडली.

आजोबांची एक वही निघाली, लाल कापडी पुठ्ठ्याची, पण सगळी मोडीत आहे, आम्हाला कुणालाच वाचता येत नाही. इथे कुणी मोडी वाचणारं आहे का? दोन पानांचे फोटो जोडलेत.

मोडीवाचक

वाचता येतंय. अक्षर घाईतलं आहे पण वळण चांगलं आहे.

पहिलं पान खर्चाचं. बैलगाडी भाडे, इंजनाचे तेल, बत्ती, दवंडीवाल्यास, हँडबिल छपाई, देवस्थान पंचास जागेबद्दल, असं एकाखाली एक, पुढे रुपये-आणे. दुसरं पान पगारवाटपाचं दिसतंय. आठ नावं आहेत, प्रत्येकापुढे गाव आणि रक्कम, दोघांच्या पुढे "उचल वजा" असं लिहिलंय. तिसरं नाव एका बाईचं आहे, पुढे "तिकीट" असं. म्हणजे तिकिटावर बाई बसायची. पाचव्या नावावर डाग आहे, ते लागत नाही. साल वर कोपऱ्यात शके लिहिलंय पण शेवटचे दोन आकडे फोटोत कापले गेलेत.

नावं इथे उघड टाकत नाही, तुम्हाला व्यनि केलीत, आईंना विचारून काय ते ठरवा. पुढच्या पानांचे फोटो काढाल तेव्हा दिवसा खिडकीजवळ काढा, फ्लॅश बंद, आणि चारही कोपरे येऊ द्या. पाचव्या नावाचा जवळून एक वेगळा फोटो काढा.